आत गेलं कसं?

तिरपेकाकांच्या मणक्याचं ऑपरेशन झालं, तेव्हा डॉक्टरांनी त्यांना बजावलं की यापुढे पाण्याच्या भरलेल्या बाटलीपेक्षा जड काही उचलायचं नाही. काकांनी लगेच विचारलं, “बाटली किती लिटरची?”

अशा माणसाला घरी बसवणं म्हणजे गळक्या नळाला चिंधी बांधणं. थोडा वेळ बरं वाटतं, मग कुठून तरी ठिबकायला लागतंच.

तेहेतीस वर्षं त्यांनी लोकांची बिऱ्हाडं हलवली होती. एक ट्रक, चार माणसं, दोरखंडाची दोन वेटोळी आणि जुन्या रजयांचा ढीग, एवढ्या भांडवलावर त्यांनी पलंग हलवले, फ्रीज हलवले, एकदा तर दातांच्या डॉक्टरची ती पाठीमागे झुकणारी खुर्ची पाच मजले चढवली. जिन्याच्या वळणावर एखादं कपाट अडलं की खालून त्यांचा आवाज यायचा, “तिरपं घ्या, तिरपं.” त्यावरून हे नाव पडलं. खरं नाव आता फक्त विजेच्या बिलावर उरलं होतं.

त्यांची पद्धत ठरलेली. कुठल्याही घरात शिरले की आधी मधोमध उभे राहायचे, सामानावरून एक नजर फिरवायचे आणि सगळ्यात मोठ्या वस्तूकडे बोट करून विचारायचे, “हे आत गेलं कसं?” कोणी म्हणे खिडकीतून, कोणी म्हणे जिना होण्याआधी, कोणाला आठवायचंच नाही. काकांना तेवढं पुरे. “जे आत गेलं ते बाहेर येतंच,” ते म्हणत. हे वाक्य त्यांनी ट्रकच्या मागच्या फळीवर रंगवूनही घेतलं होतं, आणि मागून येणारे लोक त्याचा भलताच अर्थ काढून हसायचे.

ऑपरेशननंतर काका गॅलरीत खुर्ची टाकून बसू लागले. गल्लीत कुणाचा टेंपो लागला की यांच्या सूचना तिसऱ्या मजल्यावरून सुरू. “डावीकडचा, तू गुडघ्यात वाक. कमरेत नको, माझ्यासारखा बसशील.” एकदा एका अनोळखी हमालाने सोफा खाली ठेवला, वर पाहिलं आणि हात जोडले.

“आता लोक पाया पडायला लागलेत तुमच्या,” काकू म्हणाल्या. “आत या.”

त्यांची लेक रक्त तपासण्याच्या लॅबमध्ये कामाला होती. दिवसभर लोकांना ‘मूठ घट्ट करा, आता सोडा’ सांगून तिच्या अंगात एक प्रकारची सहनशक्ती आली होती. तिने बाबांच्या मोबाईलवर घर बांधायचा एक गेम टाकून दिला. आधी एक रिकामा प्लॉट आणि एकच खोली. अंगणातलं गवत काप, झाडांना पाणी घाल, की नाणी मिळतात. नाणी जमली की अधिकचं चिन्ह दाबून खोली जोडायची, दुकानातून फर्निचर घ्यायचं आणि बोटाने उचलून हवं तिथे ठेवायचं. जागा पुरली तर वस्तूखालचे चौकोन हिरवे, नाही पुरली तर लाल. वस्तूवर टिचकी मारली की ती एक वळण घेते. बस्स, इतकंच.

“घर पाहावं बांधून म्हणतात,” लेक म्हणाली, “तुम्ही बसून बांधा.”

दोन दिवसांनी तिने सहज डोकावून पाहिलं. बाबांच्या प्लॉटवर फाटकाशी एक सोफा उभा होता, आणि त्यावर बागेतली भलीमोठी छत्री.

“बाबा, सोफा अंगणात का?”

“ट्रकमधून उतरवलाय.”

“कुठल्या ट्रकमधून?”

“आलाच असेल ना कशातून तरी. काल गेममध्ये पाऊस लागला म्हणून छत्री घेतली. सगळी नाणी त्यात गेली.”

“अहो, पण दुकानातून घेतलं की थेट खोलीत ठेवता येतं.”

काकांनी तिच्याकडे असं पाहिलं, जसं एखाद्या जुन्या मास्तरने कॉपी करणाऱ्या मुलाकडे पाहावं. “आणि मग ते आत गेलं कसं?”

याचं उत्तर गेम बनवणाऱ्यांकडेही नसावं. काकांचा नियम पक्का होता, जी वस्तू दारातून आली नाही ती घरातली नाही. प्रत्येक वस्तू ते फाटकाशी ठेवत आणि मग एकेक चौकोन पुढे सरकवत, टिचक्या मारून वळवत, दारातून आत नेत. लोक बारा खोल्यांच्या हवेल्या उभ्या करून मोकळे झाले, तोवर यांचा एक पलंग बेडरूममध्ये पोचला होता. गेमवर त्यांचा एकच राग होता. वस्तू चारी दिशांना वळायची, पण तिरपी म्हणून होत नव्हती.

“ज्याने हा गेम केला त्याने आयुष्यात कधी साधं टेबल हलवलेलं नाही,” ते म्हणाले.

मग तिरपं होत नाही म्हणून त्यांनी दारंच रुंद केली. एका वेळी दोन पलंग शेजारी-शेजारी जातील एवढी. कोपरे टाळले, बोळ टाळले. त्या गेममध्ये इतर खेळणारे एकमेकांची घरं बघायला येतात आणि आवडलं तर बदामाचं लाल चिन्ह ठेवून जातात. काकांच्या घराला महिन्यात तीन बदाम मिळाले, त्यातले दोन लेकीचे. एका पाहुण्याने लिहिलं होतं, ‘घर आहे की बसडेपो?’

“कळतं त्याला,” काका खूश होऊन म्हणाले. “बसडेपोत काही अडकत नाही.”

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं. एका रविवारी चहाच्या वेळी लेकीने किल्ली टेबलावर ठेवली. कर्ज काढून तिने एक घर घेतलं होतं. तळमजला, तीन खोल्या, जिना चढायला नको. बाबांच्या मणक्याला तिसरा मजला सोसत नाही, हे ती वर्षभर पाहत होती आणि कोणाला कळू न देता तिने सगळं जमवलं होतं. काकूंनी पदराने डोळे टिपले, काकांनी चष्मा काढून पुसला. मग काकू म्हणाल्या, “बाकी काय न्यायचं ते तुम्ही ठरवा. माझं कपाट आधी जाणार.”

काकांच्या घशात बिस्कीट अडकलं. ते अगदी सरळ गेलं असतं, पण अडकलं.

काकूंचं कपाट म्हणजे लोखंडी, जुन्या काळचं, साडेसहा फूट उंच, तीन फूट रुंद. आरसा बसवलेला, हिरवा रंग, उघडताना एक विशिष्ट कण्हणं. त्यांच्या माहेरून आलेलं. त्यात काकूंचं सगळं आयुष्य घड्या घालून ठेवलेलं होतं. आणि हे कपाट बाहेर येऊ शकत नव्हतं. ही गोष्ट काका वीस वर्षं एकट्याने पोटात घेऊन फिरत होते.

झालं होतं असं. या घरात पुढे एक बैठकीची खोली, मागे स्वयंपाकघर आणि मधे एक मोठी खोली. लेक नऊ वर्षांची झाली, तिला अभ्यासाला वेगळी जागा हवी म्हणून मधल्या खोलीत विटांची भिंत घालायचं ठरलं. आत लेकीची खोली आणि बाजूने स्वयंपाकघराकडे जायला दोन फुटांचा बोळ. कपाट आधीपासून मधल्या खोलीच्या भिंतीला होतं, ते तिच्या खोलीत गेलं. काका त्या दिवशी दोन फेऱ्यांच्या मधे घाईत घरी आले होते. गवंड्याने विचारलं, दार केवढं ठेवू? काकांनी गॅलरीत उड्या मारणाऱ्या लेकीकडे पाहिलं आणि म्हणाले, “दोन फूट पुष्कळ झालं. पोर केवढीशी आहे.”

जगभरच्या लोकांची कपाटं मोजणाऱ्या माणसाने स्वतःच्या घरातलं दार पोरीच्या मापाने घेतलं.

दुसऱ्या दिवशी जेवताना त्यांचा घास हातातच राहिला. दोन फुटांचं दार, समोर दोन फुटांचा बोळ. कपाट आडवं नाही, उभं नाही, तिरपंसुद्धा नाही. खिडकी अडीच फुटांची, तीही गजांची. ज्या माणसाने ट्रकवर ब्रीदवाक्य रंगवलं, त्याच्याच घरात एक वस्तू आत गेली होती आणि बाहेर येणार नव्हती. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणून ते गप्प राहिले. त्याआधीच्या नऊ वर्षांत त्यांनी सात घरं बदलली होती. ट्रक आपला, माणसं आपली, मग अडतंय कुठे? जरा हवेशीर घर दिसलं की काका सामान बांधायला लावत. काकूंच्या डब्यांवरची झाकणं सुद्धा बसायच्या आत पुन्हा पोत्यात जायची. भिंत झाल्यावर मात्र कोणी चांगलं घर सुचवलं की काका लेकीच्या खोलीत जात, कपाटाकडे पाहत आणि बाहेर येऊन म्हणत, “नको. हेच बरं आहे.” लोक म्हणायचे, माणूस वयाने स्थिरावला.

आणि आता काकू म्हणत होत्या, कपाट आधी जाणार.

“नवीन घेऊ की,” काका म्हणाले. “हल्ली सरकत्या दाराची येतात.”

“मला कण्हणारंच हवंय.”

“लोखंड आहे, गंजतं.”

“इतक्या वर्षांत नाही गंजलं, दोन किलोमीटरमध्ये गंजेल?” काकूंनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. “अहो, तुम्हाला जमणार नाही का?”

“मला जमत नाही असं कपाट अजून बनलेलं नाही,” काका म्हणाले. तोंडातून गेलं ते गेलं.

दुसऱ्या दिवसापासून काका गेम असा खेळू लागले की जेवायला तीन हाका माराव्या लागत. त्यांनी बसडेपो पाडला. त्याच प्लॉटवर त्यांनी आपलं राहतं घर बांधायला घेतलं. एक चौकोन म्हणजे एक फूट. मोजपट्टी घेऊन ते घरभर हिंडत, कोनाडा मोजत, बोळ मोजत. काकू विचारत, “काय शोधताय?” ते म्हणत, “माप.” पुढची खोली झाली, स्वयंपाकघर झालं, ओटा झाला, ओट्याच्या कोपऱ्यातल्या फरशीला तडा होता, तशी फरशी गेमच्या दुकानात मिळेना म्हणून त्यांनी तिथे एक काळी कुंडी ठेवली. मग भिंत, दोन फुटांचं दार, दोन फुटांचा बोळ, आणि आत एक हिरवं कपाट.

पंधरा दिवस ते कपाट त्यांनी सरकवलं. दारापर्यंत हिरवं, दारात हिरवं, बोळात तोंड काढलं की लाल. वळवा, लाल. मागे घ्या, दुसरी बाजू पुढे करा, लाल. बोटाचं टोक गुळगुळीत झालं. एकदा झोपेतही त्यांनी उशी दोन वेळा फिरवून पाहिली, असं काकूंचं म्हणणं. भिंतीवर टिचकी मारली तर गेम विचारायचा, ही भिंत काढायची का? काका दर वेळी ‘नको’ दाबत. भिंत काढून तर कोणीही कपाट बाहेर आणेल, त्यात तिरपेकाका ते काय उरले? शिवाय ही भिंत घरमालकीणबाईंच्या परवानगीने घातलेली. त्या खालच्या मजल्यावर राहत आणि भिंतीत खिळा ठोकला तरी वर येऊन खिळ्याची विचारपूस करत. आणि तिसरी गोष्ट, भिंत पाडा म्हणायचं तर का पाडायची तेही सांगावं लागणार.

एका सकाळी काका आंघोळीला गेले आणि मोबाईल स्वयंपाकघरातल्या टेबलावर उघडाच राहिला. काकू भाजी निवडत होत्या. त्यांनी मान वाकडी करून पाहिलं आणि निवडलेली आणि न निवडलेली भाजी एकाच ताटात टाकली. मोबाईलमध्ये त्यांचं घर होतं. त्यांचा ओटा, त्यांची खुर्ची, तडा गेलेल्या फरशीच्या जागी कुंडी. आणि बोळाच्या तोंडाशी अर्धवट अडकून लाल झालेलं कपाट.

काकूंनी हात पुसले. कपाटावर बोट ठेवलं, नाही हललं. भिंतीवर ठेवलं. गेमने विचारलं, काढायची का? काकूंना काकांचे नियम ठाऊक नव्हते, आणि ठाऊक असते तरी फारसा फरक पडला नसता. त्यांनी ‘हो’ दाबलं. भिंत नाहीशी झाली, नाण्यांचा खुळखुळाट झाला, आणि कपाटाखालचे सगळे चौकोन हिरवे झाले.

काका टॉवेलने डोकं पुसत बाहेर आले आणि टेबलावरच्या मोबाईलपाशी थांबले. “भिंत कोणी काढली?”

“मी. अर्धी नाणी परतही मिळाली.”

काका खुर्चीवर बसले. टॉवेल डोक्यावर तसाच. त्यांनी मोबाईल हातात घेतला आणि काळ्या कुंडीवर बोट ठेवलं.

“दाराचं माप मी दिलं होतं,” ते म्हणाले. “पोरीकडे बघून. कपाट माझ्या डोक्यातच नव्हतं. ते बाहेर येत नाही. कधीच येणार नव्हतं.”

“बरं,” काकू म्हणाल्या.

“बरं काय बरं? तेहेतीस वर्षांत लोकांनी मला एकाच गोष्टीसाठी ओळखलं...”

“टॉवेल काढा डोक्यावरचा, थंडी भरेल. आणि मोबाईल द्या इकडे, मी खाली जाऊन येते.”

घरमालकीणबाई आधी दार अर्धंच उघडून उभ्या राहिल्या. भिंत हा शब्द ऐकून त्यांच्या कपाळावर दोन आठ्या आल्या. काकूंनी काही वाद घातला नाही. नुसता मोबाईल पुढे केला. मालकीणबाईंनी चष्मा लावला, मोबाईल जवळ घेतला, लांब धरला.

“हे माझं घर?”

“तुमचंच. भिंत काढल्यावर असं दिसतं.”

“अगं बाई. इतकं मोठं होतं हे?” त्यांनी बोटाने घर इकडून तिकडे फिरवून पाहिलं. “आणि मी वीस वर्षं लोकांना सांगतेय, जागा जरा अडचणीचीच आहे म्हणून. काढा ती भिंत. विटा मात्र तुमच्या तुम्ही न्या. आणि ही कुंडी काय झाकायला ठेवलीय? माझ्या ओट्याला काय झालंय?”

काकूंनी घाईने मोबाईल परत घेतला.

भिंत पाडायला तोच गवंडी आला. आता केस पांढरे, हातोडा मात्र तोच. दोन घाव घातल्यावर त्याने घाम पुसला, आत उभ्या हिरव्या कपाटाकडे पाहिलं आणि हसून म्हणाला, “काय वहिनी, मी तेव्हाच म्हटलं नव्हतं? भिंत अर्धी झाली होती तेव्हा. हे कपाट आता इथलंच म्हणून.”

काका सावकाश वळले. मणक्यामुळे त्यांना सावकाशच वळावं लागे, पण एवढं सावकाश कधी नव्हतं. “तेव्हाच म्हणजे कधी?”

“तुम्ही माप देऊन गेलात, त्याच दुपारी. म्हटलं, दार थोडं वाढवतो. वहिनी म्हणाल्या, राहू दे, चहा घे.”

गवंडी पुन्हा हातोडा चालवू लागला. काकू विटा रचायचं निमित्त करून खाली वाकल्या.

“तुला माहीत होतं,” काका म्हणाले.

“हो.”

“वीस वर्षं.”

“तुमच्याआधी एक दिवस.” काकूंनी एक वीट दुसरीवर नीट बसवली. “नऊ वर्षांत सात घरं झाली होती हो. आपला संसार कायम दोरीत. मी म्हटलं, सगळ्या गावाचं सामान हलवतो हा माणूस, हलवू दे. माझ्या घरात एक तरी वस्तू अशी असू दे, जी याला हलवता येणार नाही.”

काकांना हसू फुटलं. हसताना मणका दुखतो म्हणून त्यांनी कपाटाचा आधार घेतला आणि कपाट नेहमीसारखं कण्हलं. “म्हणजे मी तुझ्यापासून लपवत होतो...”

“आणि दर वेळी ‘हेच बरं आहे’ म्हणून बाहेर यायचात, तेव्हा मी स्वयंपाकघरात तोंडावर पदर धरायची.”

सामान हलवायच्या दिवशी काकांची जुनीच माणसं आली. ट्रक आता त्यांच्या जुन्या ड्रायव्हरचा होता, फळीवरचं वाक्य मात्र त्याने पुसलं नव्हतं. काका दुसऱ्या मजल्याच्या वळणावर प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसले, हातात पाण्याची बाटली, अर्ध्या लिटरची. कपाट वरून आलं, वळणावर टेकलं आणि अडलं. चौघेही कपाटाच्या फटीतून काकांकडे बघू लागले. काकांनी बाटलीचा एक घोट घेतला, सगळ्यांना थोडा वेळ थांबवलं, आणि मग म्हणाले, “तिरपं.”

कपाट गेलं.

नव्या घराची दारं साडेतीन फुटांची होती. कपाट काकूंच्या खोलीत भिंतीला लागलं, आरसा पुसून झाला. चार दिवसांत डब्यांना झाकणं बसली, पडदे लागले. लेक संध्याकाळी लॅबमधून आली, तेव्हा आई मोबाईल घेऊन पलंगावर बसली होती आणि बाबा तिच्या खांद्यावरून आत बघत होते.

काकूंनी दुकानातून एक हिरवं कपाट घेतलं आणि वरच्या वर उचलून थेट प्लॉटच्या मधोमध ठेवलं. काकांच्या तोंडापर्यंत प्रश्न आला होता, तो त्यांनी गिळला. मग काकूंनी अधिकचं चिन्ह दाबून कपाटाभोवती खोली उभी केली. चारी भिंती, खिडकी, पडदा, कोपऱ्यात एक दिवा.

काकांना राहवेना.

“अगं, दार कुठंय?”

“घालू हो,” काकू म्हणाल्या आणि दिव्यावर टिचकी मारून तो जरा फिरवला. “घाई काय आहे?”